वरच्या लेव्हलला न खेळता मोठा कोच होता येतं का? स्लुत्स्कीचं करिअर नीट उलगडून बघूया

प्रश्न थोडक्यात असा आहे: विचारणारा बावीस वर्षांचा गोलकीपर, कोल्हापुरात तालमीच्या फुटबॉल टीमकडून खालच्या गटात खेळलेला, गुडघ्याचं ऑपरेशन झालंय आणि डॉक्टर म्हणतायत आता स्पर्धात्मक खेळ विसरा. त्याने रशियन फुटबॉल कोच लिओनिद स्लुत्स्कीची गोष्ट कुठल्यातरी क्लिपमध्ये बघितली, मांजर वाचवताना झाडावरून पडला आणि नंतर रशियाचा कोच झाला वगैरे, आणि विचारतोय की हे खरंच कुणालाही जमतं का, की लाखात एखाद्याला लागलेली लॉटरी आहे.

भावा, मी बरीच वर्षं वयोगटाच्या टीम्सना कोचिंग करतोय आणि रशियन फुटबॉल माझा जुना नाद आहे, त्यामुळे सविस्तर लिहितो. आणि आधीच सांगतो, त्या गोष्टीतला मांजराचा भाग सगळ्यात कमी महत्त्वाचा आहे. तो सगळ्यांना आठवतो कारण तो सांगायला सोपा आहे. पण तुला खरंच त्या माणसाकडून काही घ्यायचं असेल तर अपघातानंतरची दहा-बारा वर्षं बघ, ज्यांची क्लिप कोणी बनवत नाही.

आधी मूळ माहिती. स्लुत्स्कीचा जन्म ४ मे १९७१, वोल्गोग्राद. म्हणजे जुनं स्टालिनग्राद, वोल्गा नदीच्या काठावरचं. वडील तो लहान असतानाच गेले, आईने एकटीने वाढवला, ती बालवाडी चालवायची. तो गोलकीपर म्हणून खेळला ते ज्वेझ्दा गोरोदिश्चे नावाच्या क्लबकडून, गोरोदिश्चे म्हणजे वोल्गोग्रादला लागून असलेलं छोटं गाव, आणि क्लब सोव्हिएत लीगच्या अगदी तळाच्या पायरीवरचा. तिथे डझनभराच्या आसपास मॅचेस. मग वयाच्या एकोणिसाव्या वर्षी शेजाऱ्यांचं मांजर झाडावर अडकलं म्हणून हा चढला, फांदी तुटली, खाली पडला, गुडघ्याच्या वाटीचा चुरा झाला आणि पुढचं जवळपास वर्ष हॉस्पिटलमध्ये गेलं. खेळाडू म्हणून करिअर एवढंच. विकिपीडियावर दोन ओळी होतील एवढंसुद्धा नाही.

आता इथे लक्ष दे. १९९० साली पडला आणि १९९३ ला त्याने पहिली मुलांची टीम हातात घेतली. मधली वर्षं तो वोल्गोग्रादच्या शारीरिक शिक्षणाच्या इन्स्टिट्यूटमध्ये शिकत होता आणि तिथून डिस्टिंक्शनच्या बरोबरीचा डिप्लोमा घेऊन बाहेर पडला. सोव्हिएत काळापासून तिकडे कोच होणं हा रीतसर शिकायचा व्यवसाय आहे, शरीरशास्त्र, मुलांचं मानसशास्त्र, ट्रेनिंगचं वर्षभराचं प्लॅनिंग हे सगळं चार-पाच वर्षं बसून शिकवतात, आपल्याकडे जसं "अमुक दादा पूर्वी भारी खेळायचे म्हणून आता तेच कोच" असं चालतं तसं नाही. म्हणजे तिकडेही मोठ्या नावाला वजन आहेच, त्यावर पुढे येतो, पण नाव नसलेल्या माणसाला आत शिरायला एक दरवाजा तरी होता आणि तो दरवाजा अभ्यासाचा होता.

१९९३ ला हातात आलं ते ओलिंपिया वोल्गोग्राद. त्या वेळचं शहर डोळ्यासमोर आण. वोल्गोग्रादचा मोठा क्लब रोतोर, १९९३ मध्ये रशियन लीगमध्ये दुसरा आला, १९९५ मध्ये त्याने यूएफा कपात, म्हणजे युरोपातल्या क्लबांच्या स्पर्धेत, मँचेस्टर युनायटेडला बाहेर काढलं, घरी वोल्गोग्रादला ०-० आणि ओल्ड ट्रॅफर्डवर २-२, ज्या मॅचमध्ये युनायटेडचा गोलकीपर श्मायकेल शेवटी पुढे येऊन हेडरने गोल मारून गेला तीच. सगळं शहर रोतोरच्या मागे. आणि त्याच शहरात हा बावीस वर्षांचा मुलगा दहा-अकरा वर्षांची पोरं गोळा करून एका अकादमीत शिकवतोय. देशाची अर्थव्यवस्था कोसळलेली, पगार महिनोन्‌महिने थकायचे तो काळ. मुलांच्या कोचला काय मिळत असेल याचा अंदाज कर.

तिकडची पद्धत अशी की एक कोच एका जन्मवर्षाची बॅच घेतो आणि तीच बॅच वर्षानुवर्षं पुढे नेतो. स्लुत्स्कीची बॅच १९८२ ची. ही पद्धत मला फार महत्त्वाची वाटते म्हणून थोडं थांबून सांगतो. आपल्याकडे कोच अंडर-थर्टीनचा असतो, मुलगा चौदा वर्षांचा झाला की तो दुसऱ्याकडे जातो आणि तू परत नव्या तेरा वर्षांच्या मुलांना तेच शिकवतोस, दहा वर्षं कोचिंग केलं तरी अनुभव एकाच वर्षाचा दहा वेळा. तिकडे मात्र तू दहा वर्षांच्या मुलाला बॉल थांबवायला शिकवतोस, मग त्याच मुलाची उंची अचानक वाढते आणि त्याचा सगळा तोल बिघडतो ते बघतोस, मग पंधराव्या वर्षी तो उर्मट होतो तेव्हा त्याला सांभाळतोस, सतराव्या वर्षी त्याला खरी टॅक्टिक्स शिकवतोस आणि अठराव्या वर्षी तोच मुलगा मोठ्या माणसांविरुद्ध खेळताना घाबरतो का हे बघतोस. एका खेळाडूच्या घडण्याचा अख्खा प्रवास एकाच कोचने बघायचा, आणि कुठे चुकलं तर ते दुसऱ्या कोणावर ढकलता येत नाही. खेळाडू म्हणून मिळाला नसता असा अनुभव स्लुत्स्कीला तिथे मिळाला. ही सात वर्षं, १९९३ ते २०००, माझ्या मते त्याचं खरं करिअर आहे, बाकी सगळं त्याचं फळ.

आणि बॅच कशी निघाली बघ. ती मुलं एवढी तयार झाली की ओलिंपिया हौशी लीगमधून वर येऊन प्रोफेशनल सेकंड डिव्हिजनमध्ये खेळायला लागली, म्हणजे अठरा वर्षांची पोरं पक्क्या माणसांविरुद्ध. त्यांच्यातला देनिस कोलोदिन पुढे रशियाच्या नॅशनल टीमचा सेंटर बॅक, म्हणजे मधला डिफेंडर झाला, यूरो २००८ च्या क्वार्टर फायनलला नेदरलँड्सविरुद्ध ज्याचं दुसरं यलो कार्ड रेफरीने मागे घेतलं तोच, ती मॅच रशियाने ३-१ जिंकली. दुसरा रोमान आदामोव, २००७ च्या रशियन लीगमध्ये १४ गोल मारून पावल्युचेंकोबरोबर संयुक्त टॉप स्कोरर. दोघेही यूरो २००८ च्या स्क्वॉडमध्ये होते. एका शहरातल्या दुय्यम अकादमीच्या एका वर्षाच्या बॅचमधून दोन! तळाच्या डिव्हिजनच्या गोलकीपरला पुढची दारं कोणी उघडली विचारशील तर याच मुलांनी.

पुढची पायरी एलिस्ता. काल्मिकिया नावाच्या गवताळ प्रदेशाची राजधानी, बुद्धिबळवाल्यांना माहीत असेल, किर्सान इल्युमझिनोव तेव्हा तिथला प्रेसिडेंट होता आणि फिडे या जागतिक बुद्धिबळ संघटनेचा अध्यक्षसुद्धा, त्याने तिथे अख्खी चेस सिटी उभारली होती. तिथल्या उरालान क्लबमध्ये स्लुत्स्की गेला तो आपली काही मुलं घेऊनच गेला. आधी राखीव टीम, मग थोडा काळ मुख्य टीम. नंतर पैसा आटला आणि क्लब बुडाला. हेही नोंदवून ठेव, रशियात क्लब बुडणं ही नेहमीची गोष्ट आहे, स्पॉन्सर किंवा गव्हर्नर गेला की क्लब गेला, रोतोरसारखा क्लबसुद्धा २००४ नंतर वरच्या डिव्हिजनमधून गायब होऊन कित्येक वर्षं खालीच धडपडत होता. तळाच्या कोचचं काम चांगलं असूनही नोकरी जाते, त्यात त्याचा दोष असेलच असं नाही.

२००४ ला तो एफसी मॉस्कोच्या रिझर्व्ह टीमचा कोच. त्या वेळी रशियात रिझर्व्ह टीमची मॅच मुख्य मॅचच्या आदल्या दिवशी, त्याच शहरात, त्याच दोन क्लबांमध्ये व्हायची. म्हणजे रिझर्व्हचा कोच मुख्य टीमच्या आसपासच असतो, क्लबचे मालक आणि डायरेक्टर त्याचं काम आठवड्याला बघतात, जे सिनियर खेळाडू दुखापतीतून परत येतायत ते आधी त्याच्या हाताखाली खेळतात. आणि २००५ च्या मध्यात मुख्य कोच गेल्यावर क्लबने बाहेरचा न शोधता यालाच बसवलं. वय चौतीस. काही खेळाडू जवळपास त्याच्याच वयाचे.

त्या टीमने २००५ ला पाचवा, २००६ ला सहावा आणि २००७ ला चौथा नंबर काढला, २००७ ला कप फायनलपर्यंत गेले आणि लोकोमोतिवकडून एक्स्ट्रा टाइममध्ये ०-१ हरले. क्लबच्या मानाने हे फार मोठं काम होतं. बक्षीस काय? काढून टाकलं. आणि जागेवर आणला ओलेग ब्लोखिन, १९७५ चा बॅलन डी'ओर, म्हणजे युरोपातल्या सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कार मिळवलेला, सोव्हिएत फुटबॉलच्या इतिहासातलं सगळ्यात मोठ्या नावांपैकी एक. मी वर म्हटलं ना नावाला तिकडेही वजन आहे, ते हे. २००८ ला ब्लोखिनची एफसी मॉस्को नववी आली, आणि काढून टाकलेला स्लुत्स्की त्याच सीझनला समाराच्या क्रिल्या सोवेतोवला घेऊन सहावा. हे दोन आकडे मी माझ्याकडे येणाऱ्या प्रत्येक नवीन कोचला सांगतो. पण प्रामाणिकपणे पुढचंही सांगायला पाहिजे, दुसऱ्याच वर्षी तीच समाराची टीम युरोपात आयर्लंडच्या सेंट पॅट्रिक्सकडून पहिल्याच दणक्यात बाहेर पडली. सरळ रेषेत वर जाणारं करिअर कोणाचंच नसतं.

ऑक्टोबर २००९ ला सीएसकेए मॉस्को. इथे आपल्या भागाचा एक धागा आहे. त्या वर्षी सीएसकेएचा कोच झिको होता, ब्राझीलचा झिको, जो २०१४ पासून तीन सीझन एफसी गोवाचा कोच होता आणि ज्याला गोव्यात फातोर्ड्याच्या स्टेडियमवर आपल्यातल्या कित्येकांनी बघितलंय. सप्टेंबरमध्ये झिकोला काढलं, मग सेव्हियाला दोन यूएफा कप जिंकून देणारा हुआंदे रामोस आला, तो जेमतेम दीड महिना टिकला, आणि मग बोलावलं कोणाला, तर ज्वेझ्दा गोरोदिश्चेच्या माजी गोलकीपरला.

ड्रेसिंग रूममध्ये कोण बसलं होतं? अकिनफेयेव, इग्नाशेविच, बेरेझुत्स्की जुळे भाऊ. हे सगळे २००५ ला लिस्बनमध्ये स्पोर्टिंगला ३-१ हरवून यूएफा कप जिंकलेले. अशा लोकांसमोर ज्याने वरच्या लीगमध्ये एक मिनिट खेळलेलं नाही तो काय सांगणार, हा प्रश्न तुझ्या मनात आहे हे मला माहितीये, तुझ्या प्रश्नातच तो आहे. माझा अनुभव असा की सिनियर खेळाडू पहिले दोन आठवडे तुझं नाव बघतात, नंतर फक्त एक गोष्ट बघतात: तू मॅचच्या आधी जे सांगितलंस ते मॅचमध्ये तसंच झालं का. प्रतिस्पर्ध्याचा लेफ्ट बॅक पुढे गेला की मागे जागा सुटते असं तू सांगितलंस आणि शनिवारी खरंच तिथून गोल झाला, की झालं, तुझं करिअर कोणी विचारत नाही. स्लुत्स्कीची ताकद तीच होती, प्रतिस्पर्ध्याचा बारीक अभ्यास आणि तो खेळाडूला कळेल अशा साध्या शब्दांत मांडणं. सात वर्षं पोरांना समजावून सांगितलेल्या माणसाला समजावता येतं. मोठे स्टार खेळाडू कोच होतात तेव्हा अडतात ते बऱ्याचदा इथेच, त्यांना स्वतःला जे आपोआप यायचं ते दुसऱ्याला का येत नाही हे त्यांना कळत नाही.

सीएसकेएमध्ये आल्या आल्या ओल्ड ट्रॅफर्डवर मँचेस्टर युनायटेडशी ३-३, जिथे ते ३-१ ने पुढे होते. मग गटातून वर, मार्च २०१० मध्ये सेव्हियाच्या घरी २-१ जिंकून चॅम्पियन्स लीगच्या क्वार्टर फायनलला, तिथे कोच मोरिन्होच्या इंटर मिलानकडून दोन्ही मॅच ०-१. इंटर त्या वर्षी चॅम्पियन झाली. पण लीगचं पहिलं टायटल कधी आलं? मे २०१३. साडेतीन वर्षांनी! मधल्या काळात एकदा दुसरे, एकदा तिसरे, फॅन्स वैतागलेले, पेपरवाले रोज त्याला काढायला निघालेले. क्लबचा प्रेसिडेंट गिनेर याने धीर धरला, आणि मग २०१३, २०१४, २०१६ अशी तीन टायटल्स आली. २०१४ चं तर शेवटच्या सलग दहा मॅचेस जिंकून, झेनितपेक्षा फक्त एक पॉइंट जास्त. चांगल्या कोचला चांगला मालक लागतो, हे कोचिंगच्या कुठल्याच कोर्समध्ये शिकवत नाहीत.

तू गोलकीपर आहेस म्हणून एक वेगळी गोष्ट. सीएसकेएचा गोलकीपर अकिनफेयेव, त्याच्या गुडघ्याचं लिगामेंट दोनदा गेलं, २००७ ला आणि परत २०११ ला, आणि दोन्ही वेळा तो परत आला आणि टायटल्स जिंकला. हे मी तुला खोटी आशा लावायला सांगत नाहीये. पण लिगामेंटची दुखापत आणि वाटीचा चुरा या दोन पूर्ण वेगळ्या गोष्टी आहेत, तुझं नक्की काय आहे ते तू लिहिलेलं नाहीस, तेव्हा खेळाडूंचे गुडघे रोज बघणाऱ्या एखाद्या सर्जनचं दुसरं मत घे आणि फिजिओथेरपी अर्धवट सोडू नकोस. कोचिंगलाही गुडघा लागतो, डेमो द्यायला, कीपिंग शिकणाऱ्या पोरांना बॉल मारायला.

आता नॅशनल टीम. ऑगस्ट २०१५ मध्ये इटालियन कोच कॅपेलोच्या जागी त्याला घेतलं, यूरोची क्वालिफिकेशन हातातून जात होती, आणि याने राहिलेल्या चारही मॅचेस जिंकल्या, स्वीडन, लिश्टेनश्टाइन, मोल्दोवा, माँटेनेग्रो. सीएसकेए आणि नॅशनल टीम दोन्ही एकाच वेळी. मग यूरो २०१६, इंग्लंडशी शेवटच्या क्षणी वासिली बेरेझुत्स्कीच्या हेडरवर १-१, स्लोवाकियाकडून १-२, वेल्सकडून ०-३, गटात शेवटचे. देनिसोव आणि झागोयेव हे दोन महत्त्वाचे मिडफिल्डर स्पर्धेच्या तोंडावर दुखापतीने गेले होते, डिफेन्समधले लोक थकलेल्या वयाचे, पण त्याने कारणं पुढे केली नाहीत, जबाबदारी स्वतःवर घेतली आणि बाजूला झाला. मला तो त्या रात्री सगळ्यात मोठा वाटला. आणि एक तांत्रिक गोष्टही त्यातून दिसते, वर्षानुवर्षं रोजच्या ट्रेनिंगमधून टीम घडवणारा कोच नॅशनल टीममध्ये अर्धा निःशस्त्र असतो, तिथे खेळाडू महिन्या-दोन महिन्यांनी चार दिवस मिळतात.

बाकीचं भराभर सांगतो. २०१७ ला हल सिटी, इंग्लंडच्या क्लबचा पहिला रशियन मॅनेजर, डिसेंबरमध्येच गेला, टीम खालच्या भागात अडकली होती आणि त्याचं इंग्लिश अजून तयार होत होतं. ज्याचा सगळा भर समजावून सांगण्यावर आहे त्याला परकी भाषा किती महागात पडते ते तिथे दिसलं. मग हॉलंडमध्ये व्हितेस, पहिला सीझन बरा, दुसऱ्यात सलग पराभवांनंतर स्वतःहून राजीनामा. मग रुबिन कझान, तिथे ख्विचा क्वारात्सखेलिया दोनेक वर्षं त्याच्या हाताखाली खेळला, २०२१ ला चौथा नंबर, आणि दुसऱ्याच वर्षी रेलिगेट, म्हणजे खालच्या डिव्हिजनमध्ये. २०२४ मध्ये चीनचा शांघाय शेनहुआ, लीग फक्त एका पॉइंटने हुकली. म्हणजे पन्नाशी ओलांडल्यावर परत नवा देश.

तर लॉटरी आहे का? एवढ्या उंचीवर जाणं हे दुर्मीळच आहे, ते लपवत नाही. पण रस्ता एकट्याचा नाही. मुराद मुसायेव बघ, प्रोफेशनल खेळलेलाच नाही, क्रास्नोदारच्या अकादमीत मुलांना शिकवायचा, २०१८ ला मुख्य टीम मिळाली आणि २०२५ ला क्रास्नोदारला क्लबच्या इतिहासातलं पहिलं लीग टायटल त्याने मिळवून दिलं. त्याचाही पाया मुलांचं कोचिंगच. आणि गंमत म्हणजे सुरुवातीला त्याच्याकडे प्रो, म्हणजे कोचचं सगळ्यात वरचं लायसन्स नव्हतं, म्हणून कागदावर मुख्य कोच म्हणून दुसऱ्याच माणसाचं नाव लावावं लागलं होतं. कागद लागतोच.

म्हणून तुझ्यापुरतं. एआयएफएफच्या, म्हणजे भारतीय फुटबॉल महासंघाच्या कोचिंग लायसन्सच्या पायऱ्या खालून चढायला आत्ताच लाग, ई, डी, मग सी. ओळखीने एकदम सिनियर टीम मिळत असेल तर मी म्हणेन घेऊ नकोस, निदान आत्ता नको, कारण तिथे रविवारच्या निकालापुढे कोणाला काही दिसत नाही आणि दोन मॅचेस हरल्या की तालमीतली माणसं तुला काढतील, शिकायला वेळच मिळणार नाही. त्यापेक्षा दहा-अकरा वर्षांची वीस मुलं घे आणि शाळेशी किंवा तालमीशी आधीच बोलून ठेव की ही बॅच मी निदान पाच-सहा वर्षं सोडणार नाही. प्रत्येक मुलाची वही ठेव, उंची, वजन, कोणता पाय, काय जमत नाही, घरी काय चाललंय. आईवडिलांशी बोलत जा, कोल्हापुरात पोरगं पंधरा-सोळाचं झालं की अभ्यासासाठी खेळ सुटतो, ते थांबवायचं असेल तर मॅचच्या दिवशी नाही, दोन वर्षं आधीपासून घरात विश्वास मिळवावा लागतो.

आणि गोलकीपर असण्याचा फायदा वापर. तू अख्खं मैदान समोरून बघितलंयस, डिफेन्सची लाइन कधी तुटते, कोण परत धावत येत नाही हे तुला बाकीच्यांपेक्षा लवकर दिसतं. शाहू स्टेडियमवर लीगच्या मॅचेस होतात तेव्हा गोलच्या मागे बसायचं सोड, उंचावरच्या पायरीवर बस, एक टीम निवड, आणि पहिल्या वीस मिनिटांत जे दिसलं ते लिहून हाफटाइमला तू त्यांचा कोच असतास तर कोणत्या तीन गोष्टी सांगितल्या असत्यास ते लिही, तीनच, जास्त नाही, आणि सेकंड हाफमध्ये त्या बरोबर होत्या का ते ताडून बघ. अशी आठ-दहा मॅचेसची वही झाली की मला पाठव, मी वाचून त्यावर लिहीन.